धबधब्याचे वेळापत्रक

अकोल्याला माझी बदली झाली ती १९८६ च्या जून महिन्यात. विदर्भातले अकोला नव्हे. हे अकोले नगर जिल्ह्यातले, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातले, प्रवरेच्या काठचे. शाखेत रुजू होऊन आठ दिवस झाले नसतील, तोच एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. काउंटरपाशी आलेला माणूस ठेव ठेवायला आलेला असो की पीककर्जाचे कागद घेऊन आलेला असो, रामराम झाल्यावर त्याचा पहिला प्रश्न असे, "साहेब, भंडारदरा किती?"

मला वाटले, हा कशाचा तरी भाव असावा. टोमॅटोचा वगैरे. आमच्या हेडकॅशियरने माझ्या अज्ञानाची कीव करत खुलासा केला की, भंडारदऱ्याच्या धरणात आज सकाळपर्यंत किती दशलक्ष घनफूट पाणी साठले, असा त्या प्रश्नाचा अर्थ आहे. ते दहा हजारांवर गेले की खाली संगमनेर, श्रीरामपूर, राहुरीपर्यंतची माणसे निर्धास्त झोपतात, आणि धरण भरले नाही तर मार्चअखेरीस वसुलीला जाणाऱ्या साहेबाने जेवणाचा डबा घरून न्यावा. हेडकॅशियर थट्टेने बोलला होता, पण त्याचे म्हणणे पुढच्या चार वर्षांत मला अक्षरश: पटले.

हे सारे सांगायचे कारण असे की, पावसाळा आला की ओळखीची मंडळी मला हमखास विचारतात, "तुम्ही त्या भागात होतात. रंध्याचा धबधबा पाहायला केव्हा जावे?" त्यांची अपेक्षा असते की मी एखादा महिना सांगावा. मी सांगतो, आधी पेपर उघडा. जुलै ते ऑक्टोबर नाशिक-नगरकडच्या आवृत्त्यांत आतल्या पानावर एक बारीक चौकट असते : धरणाचे नाव, साठा, टक्केवारी आणि शेवटी विसर्ग. हल्ली ती मोबाईलवरही येते. ती चौकट हेच रंध्याचे वेळापत्रक. आगगाडीचे वेळापत्रक न पाहता स्टेशनवर गेलो तर फार तर गाडी चुकते. हे वेळापत्रक न पाहता गेल्याने काय होऊ शकते, ते मी पुढे सांगणार आहे.

प्रवरा उगम पावते रतनगडाच्या अंगाखांद्यावर. पायथ्याशी रतनवाडीला अमृतेश्वराचे देखणे जुने देऊळ आहे, आणि नदीलाही इकडे अमृतवाहिनीच म्हणतात. समुद्रमंथनातल्या अमृताची कथा या नदीला उगमापासून थेट नेवाशाच्या मोहिनीराजाच्या देवळापर्यंत चिकटलेली आहे. त्याच नेवाशाला, याच नदीच्या काठी, ज्ञानेश्वरी सांगितली गेली. पुढे थोड्याच अंतरावर, टोक्याजवळ, ती गोदावरीला मिळते. नदीला एवढे मोठे माहेर आणि एवढे मोठे सासर क्वचितच लाभत असेल.

पण उगमापासून काही मैल जाते न जाते तोच तिला धरण आडवे येते. विल्सन डॅम. काम सुरू झाले १९१० साली आणि पुरे झाले १९२६ साली. त्या वर्षीच्या १० डिसेंबरला मुंबई इलाख्याचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते उद्घाटन झाले आणि त्यांचेच नाव धरणाला मिळाले. शंभर वर्षांचे हे बांधकाम २७० फूट उंच आहे, आणि बांधले तेव्हा एवढे उंच धरण देशात दुसरे नव्हते. १९६९ मध्ये भिंतीला तडे गेले आणि पाणी पाझरू लागले तेव्हा खालच्या गावांच्या तोंडचे पाणी पळाले होते. मग भिंतीला मागून भक्कम टेकू दिले गेले. धरणाखालच्या बागेतून वर पाहिले की हे टेकू दिसतात. बहुतेक प्रवासी त्यांच्याकडे पाठ करून फोटो काढतात. कुणी सांगितले तर त्यांनाही ते पाहावेसे वाटतील.

धरणात मावते सुमारे ११ टीएमसी पाणी. टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट. हा आकडा मेंदूत शिरत नाही, म्हणून माझ्या जुन्या सवयीप्रमाणे मी त्याची फोड करून ठेवली आहे. सेकंदाला एक हजार घनफूट, म्हणजे एक हजार क्यूसेक या दराने सतत पाणी सोडले तर भरलेले भंडारदरा रिकामे व्हायला १२७ दिवस लागतील. आणि एक हजार क्यूसेक म्हणजे सेकंदाला सुमारे २८ हजार लिटर. उन्हाळ्यात गावोगाव फिरणारा दहा हजार लिटरचा टँकर आठवा. दर सेकंदाला असे जवळजवळ तीन टँकर. हे तीन टँकर कृपा करून लक्षात ठेवा, पुढे लागतील.

तर या धरणाच्या खाली, शेंडी गावापासून राजूरच्या रस्त्याने दहाएक किलोमीटरवर, रंधा आहे. सपाट खडकांवरून पसरट वाहत आलेली प्रवरा इथे एकदम तुटलेल्या कड्यावरून सुमारे १७० फूट खाली झोकून देते. खाली काळी, अरुंद घळ आहे. काठावर घोरपडादेवीचे ठाणे आहे. पाऊस जोरात असला की तुषार वर येऊन माणसाला न्हाऊ घालतात आणि शेजारच्याशी ओरडून बोलावे लागते. धबधब्याचे यापेक्षा अधिक वर्णन मी करणार नाही. ते करणारे पुष्कळ आहेत, आणि मी केलेले कुणी वाचून तिकडे गेले आणि नेमके पाणी बंद असले तर मला शिव्या बसतील.

कारण पाणी बंद असते, हेच पुष्कळांना ठाऊक नसते. जुलैच्या आरंभी घाटघर-रतनवाडीला धो धो पाऊस कोसळत असतो. तिथे हंगामात पाच हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस पडतो. पण तो सारा धरणाच्या पोटात जातो. धरण भरेपर्यंत तिजोरीचे दार बंद. मग जुलैतच रंधा कोसळताना दिसतो तो कुणाच्या जिवावर? त्याचे श्रेय कृष्णावंतीला. कळसूबाईच्या उतारावरून येणारी ही धाकटी नदी. तिच्यावर वाकीला एक लहानसे धरण आहे, जेमतेम ११२ दशलक्ष घनफुटांचे. ते पहिल्या चांगल्या पावसात भरून वाहू लागते, कृष्णावंती उड्या मारत येऊन रंध्याच्या अलीकडे प्रवरेला मिळते आणि कड्यावरून पाणी पडू लागते. मोठ्या घरातला कर्ता पुरुष हिशेब जुळवत बसलेला असावा आणि आल्यागेल्याचे आगतस्वागत धाकट्या जावेने सांभाळावे, तसला हा प्रकार. म्हणून पेपरात 'वाकी भरले' अशी ओळ आली की समजावे, रंधा सुरू झाला. प्रत्यक्ष भंडारदरा भरते साधारण स्वातंत्र्यदिनाच्या आगेमागे, मग सांडव्याचे दरवाजे उचलले जातात आणि रंध्याचे खरे रौद्र रूप दिसते. त्या दिवसांत धरणापाशीही एक गंमत असते. मोरीतून सोडलेले पाणी एका गोल खडकावर पडून चहूबाजूंनी छत्रीसारखे उलगडते, त्याला सगळे 'अंब्रेला फॉल' म्हणतात. तोही अर्थात मोरी उघडली तरच.

पुढे कोदणीला ३४ मेगावॉटचे वीजघर झाले तेव्हा रंध्याच्या वरच्या अंगाला पाणी अडवून तिकडे वळवण्याची सोय झाली. कड्यावरून पडून पाण्याने जी शक्ती वाया घालवायची, तीच नळातून नेऊन चाके फिरवायची. हिशेबाच्या दृष्टीने अगदी चोख. परंतु त्यामुळे असेही होते की, नदीला पाणी सोडलेले असते आणि धबधब्याच्या वाट्याला त्यातले थोडेच येते. मी वीजघराविरुद्ध नाही. माझ्या घरातला पंखा त्याच तारांवर फिरत असेल. परंतु माणूस पोरांना घेऊन दोनशे किलोमीटर येतो आणि ओल्या खडकाचे दर्शन घेऊन परततो, तेव्हा निदान त्याला कारण ठाऊक असावे.

आता ती गोष्ट.

१९८८ चा डिसेंबर. रविवार होता. पत्नी, माझा मेहुणा आणि मी असे तिघे एस.टी.ने रंध्याला गेलो. मेहुणा कॉलेजात शिकत होता आणि नाताळच्या सुट्टीत आमच्याकडे आला होता. नवा कॅमेरा घेतलेला, तो गळ्यातून उतरत नव्हता. थंडीचे दिवस, लखलखीत ऊन. धबधबा म्हणजे कड्यावरून सुटलेल्या दोन बारीक धारा. आम्ही कड्याच्या वरच्या बाजूला नदीच्या पात्रातच उतरलो. पाण्याने घासून घासून रांजणासारखे खड्डे पडलेले खडक, मधून एक ओहळ. एका प्रशस्त खडकावर सतरंजी पसरली, डबा उघडला. मेथीचे पराठे होते आणि आवळ्याचे लोणचे.

काठावर एक म्हातारी शेळ्या चारत होती. ती काही तरी ओरडत होती, पण आम्हाला वाटले, शेळ्यांना ओरडते आहे. मग ती काठी उगारून आमच्याच दिशेने धावत आली. "आरं पोरांनो, वर या! पानी सुटलंय!"

मी वरच्या अंगाला पाहिले. काहीच नव्हते. ऊन, खडक, ओहळ. तरीही तिच्या स्वरात असे काही होते की पत्नी उठली आणि तिचा हात धरून मीही उठलो. आम्ही काठावर चढलो तेव्हा कुठे दिसले की, मघाचा ओहळ गढूळ झाला आहे आणि खडकांच्या कडा ओल्या होत चालल्या आहेत. पाणी पुरासारखे गर्जना करत येते असा माझा समज होता. ते तसे आले नाही. ते आवाज न करता चढले. मेहुणा आमच्यामागून निघाला खरा, पण कॅमेरा खडकावर राहिल्याचे त्याच्या ध्यानात आले आणि तो मागे वळला. वीस पावलांचे अंतर. जाताना पाणी घोट्याला होते. परतताना गुडघ्याच्या वर. तो एका खडकाला धरून थांबला आणि मग त्याला पुढचे पाऊल टाकता येईना. त्याच्या पाठीमागे पन्नास-साठ पावलांवर कडा होता.

म्हातारीने लाकडाची मोळी बांधायची दोरी कमरेची सोडली, एक टोक माझ्या हातात दिले, दुसऱ्याला काठी बांधून फेकली. पहिल्यांदा ती पोचली नाही. दुसऱ्यांदा पोचली. आम्ही तिघांनी ओढले. तो वर आला तेव्हा त्याचे ओठ पांढरे पडले होते. कॅमेरा गेला, डबा गेला, सतरंजी गेली. थोड्या वेळाने ज्या खडकावर आम्ही बसलो होतो तो कुठे होता, हेही सांगता येईना. सगळीकडे एकसारखे पाणी, आणि ज्या दोन धारा आम्ही 'एवढाच का?' म्हणून हिणवल्या होत्या, तिथे कानठळ्या बसवणारा प्रपात.

मी म्हातारीला विचारले, "आजी, तुम्हाला कसे कळले?" ती म्हणाली, तिचा लेक शेंडीहून एस.टी.ने आला, त्याने सांगितले की पाणी सोडलेय. पाण्याआधी एस.टी. पोचली होती. आम्हीही एस.टी.नेच आलो होतो, पण आम्ही कुणाला काही विचारले नव्हते. रब्बीचे आवर्तन होते. खाली गव्हाला, उसाला पाणी हवे होते. डिसेंबरात, स्वच्छ आभाळाखाली, पावसाचा थेंब नसताना नदीला पूर येऊ शकतो, हे ज्याचे वर्षाचे निम्मे काम त्याच पाण्याच्या भरवशावर कर्जे वाटण्याचे, त्या मला सुचले नव्हते. चूक सर्वस्वी माझी होती.

पुढच्या आठवड्यात मी तिच्या घरी लुगडे घेऊन गेलो. घर नदीपासून वर, चढावर. महादेव कोळ्यांची वस्ती, आठ-दहा घरे. लुगडे तिने घेतले, काळा चहा दिला. मग तिचा लेक संकोचत म्हणाला, "साहेब, माझं परकरन तुमच्याकडंच व्हतं." परकरन म्हणजे प्रकरण, कर्जाचे प्रकरण. त्याला नदीतून पाणी उचलायला डिझेल इंजिन हवे होते. पाणी उचलण्याची परवानगी कागदपत्रांत नव्हती म्हणून प्रकरण परत गेले. परत पाठवणाऱ्या शेऱ्याखाली सही माझी होती. मला ते नाव आठवतही नव्हते. अशी प्रकरणे महिन्याला दहा-वीस परत जात.

नियमाने ते योग्यच होते, हे मी आजही म्हणेन. धरणाचे पाणी कालव्याच्या लाभक्षेत्राच्या नावे नोंदलेले, आणि ते लाभक्षेत्र खाली, ओझरच्या बंधाऱ्यापासून पुढे. त्या पाण्यावर ऊस उभा राहिला, साखर कारखाने उभे राहिले. लोणीला १९५० मध्ये विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी सहकारी कारखान्याचा पाया घातला, त्याच्या मुळाशी प्रवरेचे पाणी आहे. मी त्या उसाला आनंदाने कर्जे दिली आणि ती फिटलीही. पण ज्यांच्या डोंगरावर हा पाऊस पडतो, त्यांच्या बायका एप्रिल-मेमध्ये हंडा घेऊन कोस-कोस चालत. 'धरण उशाला आणि कोरड घशाला' ही म्हण कुणी घरात बसून रचलेली नाही. म्हातारीच्या अंगणातून नदी दिसत होती. सेकंदाला तीन टँकर.

मी परवानगीसाठी दोन-तीन कचेऱ्यांत खेटे घातले. मिळाली नाही. शेवटी त्याला दोन म्हशींचे प्रकरण करून दिले, ते नियमात बसत होते. ते कर्ज त्याने वेळेवर फेडले.

नंतरच्या काळात पुष्कळ बदलले. रंध्याच्या खाली निळवंडे धरण झाले आणि २०२३ मध्ये त्याच्या कालव्यातून पाणी सुटले. दुष्काळी टापूतल्या दोन पिढ्या या दिवसाची वाट पाहत गेल्या. २००५ च्या कायद्यानंतर वरच्या धरणांतले पाणी जायकवाडीसाठी किती सोडायचे, याचे दर दुष्काळात भांडण होते. म्हणजे ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये अवचित रंधा जोरात दिसला तर ते पाणी मराठवाड्याच्या वाटेवर असू शकते. आणि भंडारदऱ्याच्या गावांत घरोघर पाहुण्यांची सोय झाली. भात एके भात करणाऱ्या घरांना मे-जूनमधले काजवे आणि जुलै-ऑगस्टमधले धबधबे यांनी चार पैसे मिळवून दिले. त्याबरोबर गाड्यांचे दिवे, कर्णे आणि बाटल्याही आल्या.

तर जायचे कसे? मुंबईकरांनी कसारा घाट चढून घोटीला महामार्ग सोडावा. तिथून बारीवरून शेंडी. बारी हे कळसूबाईच्या पायथ्याचे गाव. १६४६ मीटरचे हे राज्यातले सर्वोच्च शिखर पावसाळ्यात बहुधा ढगात असते, त्यामुळे नमस्कार अंदाजाने करावा लागतो. नाशिककरांना हेच अंतर सत्तर किलोमीटरच्या आसपास. पुण्याहून संगमनेर, अकोले, राजूर. या वाटेने रंधा आधी लागतो आणि धरण नंतर. रेल्वेने आलात तर इगतपुरीला उतरा. सारा टापू १९८६ पासून कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, तेव्हा वन विभागाच्या नाक्यावर पावती फाडावी लागते. तिथे हुज्जत घालू नका. जलाशयाभोवतीच्या रस्त्याने रतनवाडी, साम्रद, घाटघर अशी प्रदक्षिणा होते आणि वाटेत मोजता येणार नाहीत एवढे बिननावाचे धबधबे लागतात. ज्यांना नावे मिळाली आहेत, न्हाणी, नेकलेस वगैरे, तिथे गर्दी. बिननावाच्यांपाशी कुणी नाही. माझी पसंती दुसऱ्यांना. शनिवार-रविवार आणि पंधरा ऑगस्ट टाळता आले तर जरूर टाळा. त्या दिवसांत वाहतूक एकेरी करतात आणि धबधब्यापेक्षा गाड्यांचीच रांग लांब असते. मधल्या वारी या. जेवण गावातल्या घरी सांगून ठेवा. इकडचा हातसडीचा तांदूळ मिळाला तर घरी चार किलो न्या.

आणि पात्रात उतरू नका. पावसाळ्यात तर नाहीच, पण हिवाळ्या-उन्हाळ्यात पात्र कोरडे, निरुपद्रवी दिसते तेव्हा विशेषच नाही. कठड्याच्या आतून पाहा. रंधा तिथून पुरेसा दिसतो. निघण्यापूर्वी विसर्गाचा आकडा वाचा आणि पोचल्यावर चहाच्या टपरीवर विचारा, "पाणी सुटणार आहे का?" हल्ली पाणी सोडण्याआधी काठच्या गावांना इशारा देतात, तरीही विचारा. एखाद्या कपाच्या निमित्ताने मिळणारी ही माहिती दुसरीकडे मिळत नाही.

मेहुणा त्यानंतर सदतीस वर्षे तिकडे फिरकला नव्हता. गेल्या ऑगस्टात तो स्वत:च म्हणाला, चल जाऊ. आता त्याचेही केस पांढरे झाले आहेत. आम्ही दोघे एका मंगळवारी गेलो. दरवाजे उघडे होते. कठड्याला धरून तो बराच वेळ उभा राहिला. मग म्हणाला, "तो खडक कोणता रे?" मी बोट दाखवले, पण तिथे पाणीच होते. वस्तीवर गेलो. म्हातारी जाऊन वीसेक वर्षे झाली. तिचा नातू भेटला. त्याने पाहुण्यांसाठी दोन खोल्या बांधल्या आहेत आणि दाराशी नळ आहे. उन्हाळ्यात येतो का, विचारले, तर म्हणाला, "येतो, दिसाआड." कमरेची दोरी, काठी यांतले त्याला काहीच ठाऊक नव्हते. मेहुण्याने सांगितले. त्याने ऐकून घेतले आणि आत जाऊन चहा टाकायला सांगितले.

परतताना संगमनेरच्या बाजूने आलो आणि ओझरच्या बंधाऱ्यापाशी गाडी थांबवली. तुम्हीही थांबा. तिथे बघायला येणारे कुणी नसते. रंध्याला कड्यावरून कोसळलेले तेच पाणी इथे गुमान उभे असते आणि डाव्या-उजव्या कालव्यांत वाटले जाते. पाण्यात पातळी दाखवणारी पट्टी असते. मी चष्मा काढून, पुसून, पुन्हा घालून तिच्यावरचा आकडा वाचला आणि खिशातल्या डायरीत तारीख घालून लिहून ठेवला. मेहुणा म्हणाला, "आता कोणाचे कर्ज मंजूर करायचे आहे?"